क्रोनसाच्या तीन लेकी

इसवी सनापूर्वी ७०० च्या सुमारास, ग्रीस देशाच्या बीओशिया प्रांतात, हेलिकॉन पर्वताच्या पायथ्याशी वसलेल्या अस्क्रा नावाच्या एका सामान्य खेड्यात हेसिऑड नावाचा शेतकरी राहत होता, आणि आपल्याकडील कित्येक शेतकऱ्यांवर येतो तसाच सख्ख्या भावाशी वाटणीचा कज्जा खेळण्याचा प्रसंग त्याच्यावर आला होता. बाप समुद्रापलीकडील किमी गावाहून दारिद्र्याला कंटाळून इकडे आलेला. त्याने मागे ठेवलेल्या मिळकतीची वाटणी झाली खरी, परंतु पर्सेस नावाच्या भावाने निवाडा करणाऱ्या स्थानिक सरदारांचे हात ओले करून अधिक हिस्सा आपल्या पदरात ओढून घेतला, अशी हेसिऑडची तक्रार होती. आणि ती कोणत्याही कचेरीत न गुदरता त्याने आपल्या 'कामे आणि दिवस' या काव्यात गुदरली. टायटनांच्या तीन पिढ्यांची जी साद्यंत वंशावळ आज जगाला ठाऊक आहे, ती याच मनुष्याच्या 'थिऑगनी' नामक दुसऱ्या काव्यात सापडते. ज्याच्या घरात वाटणीचा कज्जा होता, त्याने देवांचा इतिहास सांगावयास घेतला आणि तो पाहता पाहता वारसांच्या तकरारींचा इतिहास झाला, याचे मला तरी नवल वाटत नाही.

या इतिहासाकडे आपल्याकडे बहुधा देवासुरसंग्रामाची परदेशी आवृत्ती म्हणून पाहिले जाते, आणि टायटन म्हणजे देवांचे कोणी परके, आडदांड वैरी, ही समजूत शाळकरी वयात एकदा झाली की ती पुढे सहसा सुटत नाही. वस्तुतः त्यांच्याइतके जवळचे आप्त देवांना दुसरे कोणी नव्हते. पृथ्वी म्हणजे गाया आणि आकाश म्हणजे युरेनस, यांना सहा पुत्र व सहा कन्या झाल्या. ओशियानसाने टेथिसशी, हायपेरियनाने थियाशी, सीअसाने फीबीशी आणि सर्वांत धाकट्या क्रोनसाने ऱ्हियाशी, म्हणजे प्रत्येकाने आपल्याच बहिणीशी, संसार मांडला. हायपेरियनाच्या पोटी सूर्य, चंद्र आणि उषा आली; सीअसाची कन्या लीटो ही अपोलो व आर्टेमिस यांची माता; मानवासाठी अग्नी चोरणारा प्रोमेथियस आणि आकाश खांद्यावर तोलणारा ॲटलस हे आयापेटस या आणखी एका भावाचे पुत्र; आणि ऑलिंपस पर्वतावर राज्य करणारा झ्यूस हा तर खुद्द क्रोनसाचा मुलगा. अशा घरात नाती मोजू जाणाऱ्या मराठी मनुष्याची मोठी तारांबळ उडते, कारण झ्यूसाच्या दृष्टीने ओशियानस हा बापाचा भाऊ म्हणून चुलता, आईचा भाऊ म्हणून मामा, आणि टेथिस ही एकाच वेळी आत्या, मावशी, काकी आणि मामी. ज्यांच्याशी झ्यूसाने पुढे दहा वर्षे युद्ध केले, ते हे असे लोक होते. परचक्राशी त्या युद्धाचा संबंध नाही. ती निव्वळ भाऊबंदकी होती.

आणि भाऊबंदकीची म्हणून जी जी लक्षणे असतात, ती सर्व या प्रकरणात आढळतात. युरेनस आपल्या मुलांचा जन्मतःच द्वेष करी आणि त्यांना प्रकाशात येऊ न देता पृथ्वीच्याच उदरात परत कोंबून ठेवी. तेव्हा त्या भाराने कण्हणाऱ्या गायेने एक कठीण पात्याचा विळा घडवला आणि सर्व पुत्रांसमोर धरून त्यांना आवाहन केले. बाकीचे भयाने गप्प राहिले. एकटा धाकटा क्रोनस पुढे झाला, आणि रात्री आकाश पृथ्वीवर ओठंगले असता त्याने बापाचे पौरुष छेदून टाकले. तो सत्ताधीश झाला. पण आपल्याला आपलाच मुलगा पदच्युत करील, हे भाकीत आईबापांकडून त्याच्या कानी आले होते, म्हणून त्याने एकामागून एक पाच मुले गिळली. सहाव्या खेपेस ऱ्हियेने आईबापांचा सल्ला घेतला, क्रीट बेटावर जाऊन झ्यूसाला जन्म दिला आणि नवऱ्याच्या हाती दुपट्यात गुंडाळलेला धोंडा ठेवला. कंसाच्या कारागृहातील देवकीची कथा ज्यांच्या कानांवरून लहानपणापासून गेली आहे, त्यांना या प्रसंगात अपरिचित असे काही वाटणार नाही. क्रोनसाने पुढे गिळलेल्या मुलांसह ओकून टाकलेला तो धोंडा डेल्फी येथे होता, आणि इसवी सनाच्या दुसऱ्या शतकातील पॉसेनियस नावाच्या प्रवाशाने त्यावर रोज तेल ओतले जात असल्याचे नमूद करून ठेवले आहे. आमच्या वेशीवरच्या देवांना त्याचा शेजार मानवला असता. बापाला गादीवरून उठवण्याची ही कल्पना ग्रीकांचीच होती असेही नाही. आशिया मायनरातील हिटाइट लोकांच्या मृत्तिकापटांवर कुमार्बी नावाच्या देवाची जवळजवळ अशीच हकीकत हेसिऑडच्या कित्येक शतके आधी लिहिली गेली होती.

मला या हकीकतीत जी गोष्ट विचार करण्याजोगी वाटते ती निराळी आहे. प्रत्येक सत्तांतराच्या मुळाशी एक स्त्री आहे. विळा गायेचा, धोंड्याची युक्ती ऱ्हियेची, आणि दहा वर्षे ऑलिंपस व ओथ्रिस या दोन पर्वतांमध्ये अनिर्णित चाललेले युद्ध संपले तेही गायेच्या सांगण्यावरून झ्यूसाने पाताळात जखडलेल्या शतबाहूंना मुक्त केले म्हणून. टायटन हरले, टार्टारस नावाच्या अतिखोल तळघरात कोंडले गेले, आणि मग वाटणी झाली. ही वाटणी हेसिऑडपेक्षा होमरने अधिक स्पष्ट सांगितली आहे. 'इलियड'च्या पंधराव्या सर्गात झ्यूस पोसायडनला रणांगण सोडून जाण्याचा हुकूम पाठवतो, तेव्हा पोसायडन संतापून म्हणतो की आम्ही क्रोनसाचे तिघे समान हिस्सेदार आहोत, चिठ्ठ्या टाकून आमची वाटणी झालेली आहे. मला समुद्र आला, हेडीसला पाताळ, झ्यूसाला आकाश. पृथ्वी आणि ऑलिंपस सामाईक ठेवले आहे. तेव्हा त्याने आपल्या हिश्श्यात राहावे आणि माझ्यावर अंमल गाजवू नये. सामाईक जागेवरून, वहिवाटीवरून आणि थोरलेपणाच्या मानावरून रायगड जिल्ह्याच्या दप्तरात जे दावे पडून आहेत, त्यांतला कोणताही उघडला तरी हीच कैफियत वाचावयास मिळेल. पोसायडन अखेर धुसफुसत माघार घेतो, तेही आपल्याकडे घेतात तसेच.

क्रोनस-ऱ्हियेला मुले मात्र सहा होती, तीन नव्हेत. हेस्टिया, डिमीटर आणि हेरा या तीन लेकी. त्यांतील हेस्टिया तर सर्वांत थोरली. बापाच्या पोटातील काळोख त्यांनीही भोगला होता. चिठ्ठ्या टाकल्या त्या दिवशी त्यांच्या नावाची चिठ्ठी पात्रात होती काय, हा प्रश्न होमरच्या पोसायडनाला पडत नाही, झ्यूसाला पडत नाही, आणि गेल्या अडीच-पावणेतीन हजार वर्षांत या कथेच्या टीकाकारांपैकीही फारच थोड्यांना पडला. त्यांना मिळाले काय, ते पाहण्याजोगे आहे. हेस्टियेने लग्न न करण्याची शपथ घेतली, तेव्हा झ्यूसाने तिला घराच्या मध्यभागी चुलीपाशी आसन दिले. हेरेला स्वतः झ्यूसाने बायको करून घेतले. डिमीटरकडे धान्य आले, म्हणजे राबणे आले. आणि तिच्या मुलीला, पर्सेफोनीला, झ्यूसाने आईला न विचारता हेडीसला परस्पर देऊन टाकले. मग मात्र डिमीटरने जे केले ते त्या सबंध घराण्यात दुसऱ्या कोणत्याही स्त्रीने केले नव्हते: तिने पिकणे थांबवले. बियाणे जमिनीत कुजले, देवांचे नैवेद्य बंद पडले, आणि तेव्हा कोठे तडजोडीची बोलणी सुरू होऊन वर्षातील दोन तृतीयांश काळ लेक आईकडे राहील असा तोडगा निघाला. चूल, शेत आणि नवरा, एवढ्यात तिघींची बोळवण झाली. आकाश, समुद्र आणि पाताळ भावांनी वाटून घेतले.

आपल्या पुराणांनी या बाबतीत फार वेगळे केले आहे, असे म्हणवत नाही. देव आणि दैत्य हे एकाच कश्यपाचे पुत्र, अदिती आणि दिती या सख्ख्या बहिणींच्या पोटचे. त्यांचे सर्व युद्ध म्हणजे सावत्र भावांचा हिश्श्यावरून झालेला कज्जा. आमच्या नवी मुंबईच्या किनाऱ्यावरून घारापुरीचे बेट समोर दिसते, तेथील लेण्यात, त्रिमुखी शिवाच्या विख्यात मूर्तीपासून थोड्या अंतरावर, अंधकासुरवधाचे एक शिल्प आहे. कमरेखालचा भाग पार ढासळला आहे आणि पुष्कळसे हात तुटले आहेत, परंतु उरलेल्या मुखावरचा क्रोध, वर ताणून धरलेले गजचर्म आणि रक्ताचा थेंब भूमीवर पडू नये म्हणून खाली धरलेले पात्र पाहिले की मनुष्य क्षणभर मागे सरतो. हा अंधक शिवपुराणाच्या मते शिवाचाच मुलगा. पार्वतीने खेळता खेळता शिवाचे डोळे झाकले असता जन्मलेला, आणि निपुत्रिक हिरण्याक्षाला देऊन टाकलेला. दत्तक गेलेला मुलगा बाप न ओळखता बापाच्याच घरावर चालून आला, आणि बापाने त्याला त्रिशूळावर घेतले. सहाव्या शतकातील त्या अनाम शिल्पकारांना क्रोनस ठाऊक असण्याचे कारण नाही. पुरूकडून तारुण्य मागून घेणारा ययाती तर गिळण्याचे काम अधिक सभ्यपणे करतो, एवढेच. आणि तेथेही राज्य कोणत्या मुलाला, यावर सगळी चर्चा, माधवी नावाच्या मुलीला मात्र गालवाच्या गुरुदक्षिणेसाठी दान म्हणून देऊन टाकलेले.

हे सर्व मी नवी मुंबईत बसून लिहितो आहे, आणि या शहरात जमिनीच्या वारसाचा विषय पुराणापुरता राहत नाही. १९७० च्या मार्चमध्ये हे शहर वसवण्यासाठी सिडकोची स्थापना झाली. ठाणे आणि तेव्हाच्या कुलाबा जिल्ह्यांतील ९५ गावांच्या भूमीवर हे नगर उभे राहिले. आगरी-कोळी कुटुंबांची भाताची खाचरे, मिठागरे आणि खारजमिनी सरकारजमा झाल्या, अल्प मोबदल्यावरून असंतोष वाढत गेला, आणि दि. बा. पाटील यांच्या नेतृत्वाखालील आंदोलनात १९८४ च्या जानेवारीत जासई परिसरात पोलिसांच्या गोळीबाराने पाच शेतकऱ्यांचा बळी घेतला. त्या रक्ताच्या किमतीने संपादित जमिनीच्या साडेबारा टक्के इतका विकसित भूखंड मूळ खातेदाराला देण्याची योजना पदरात पडली. त्यातूनही सामाजिक सुविधांसाठी पावणेचार टक्के वजा जाऊन हाती येतात ते पावणेनऊच, तरी सर्वांच्या तोंडी 'साडेबारा' हाच शब्द रुळला. पुढे विमानतळासाठी उठवलेल्या उलवे, तरघर, कोंबडभुजे आदी वस्त्यांना साडेबावीस टक्क्यांचा ठराव मिळाला, आणि २०२५ साली त्या विमानतळाचे उद्घाटनही झाले. प्रकल्पग्रस्तांची ही लढाई न्याय्य होती आणि तिच्याविषयी मला नितांत आदर आहे. म्हणूनच लढाई जिंकल्यानंतर घरात काय झाले, हे विचारण्याचा अधिकार घेतो आहे.

खातेदार म्हातारा वारलेला असतो. न्यायालयातून वारसदाखला काढावा लागतो, आणि त्यात मुलांबरोबर मुलींचीही नावे येतात, कारण १९५६ च्या हिंदू वारसा कायद्यापासून मुलगी बापाच्या मिळकतीची वारस आहेच. पुढे महाराष्ट्राने २२ जून १९९४ पासून अविवाहित मुलींना वडिलोपार्जित मिळकतीत जन्मसिद्ध हिस्सा दिला, ९ सप्टेंबर २००५ पासून केंद्राने तो विवाहितांनाही दिला, आणि ११ ऑगस्ट २०२० रोजी सर्वोच्च न्यायालयाने, २००५ च्या त्या तारखेस बाप हयात असो वा नसो, मुलीचा हक्क अबाधित आहे, असा निर्वाळा दिला. कायद्याच्या पुस्तकात याहून अधिक काही लिहावयाचे उरलेले नाही. परंतु भूखंडाचा ताबा मिळावयाचा आहे, विकासक त्रिपक्षीय करारनामा घेऊन दारात उभा आहे, त्याला सह्या थोड्या हव्या आहेत. म्हणून बहिणींना फोन जातात, आणि हक्कसोडपत्राचा दिवस ठरतो.

दुय्यम निबंधकाच्या कोणत्याही कार्यालयात सकाळी जाऊन बसले तर हा प्रसंग पाहावयास मिळतो. एक-दोन बहिणी सासरहून आलेल्या, जरीकाठी लुगडी नेसून, कारण भावाच्या घरी जेवण आहे. दस्त आधीच टंकलिखित होऊन आलेला; 'विनामोबदला, नैसर्गिक प्रेम व आपुलकीपोटी' हे ठरीव शब्द त्यात आहेत, सर्व्हे नंबर आहेत, चतुःसीमा आहेत, मात्र सोडून दिलेल्या हिश्श्याची आजच्या भावाने किंमत किती, याचा कोठे उल्लेख नाही. कॅमेऱ्याकडे पाहावयास सांगतात, फोटो निघतो. मग अंगठा यंत्रावर ठेवावयाचा. आवण लावण्यात, मिठाची ढेप ओढण्यात आणि कोळंबी सोलण्यात ज्या अंगठ्याच्या रेषा झिजून गेल्या, तो यंत्राला वाचता येत नाही. कारकून अंगठा फडक्याने पुसावयास लावतो, पुन्हा दाबावयास सांगतो, दुसऱ्या बोटाचा प्रयत्न करतो. एवढ्या खटाटोपात ओळख पटवण्याचे काम नीट पार पडते; 'बाई, काय सोडता आहात हे तुम्हाला ठाऊक आहे ना' हा प्रश्न बहुधा घाईत एका मानेच्या होकारावर उरकला जातो.

भावांची बाजू मी ऐकून घेतली आहे, आणि ती अगदीच टाकाऊ नाही. बहिणींच्या लग्नात घरातले होते नव्हते ते घातले. म्हाताऱ्यांना शेवटपर्यंत आम्ही सांभाळले. मोर्चात लाठ्या आम्ही खाल्ल्या. आणि आधीच तुटपुंज्या जमिनीचे आणखी किती तुकडे करावयाचे. यांतले सांभाळण्याचे म्हणणे वजनदार आहे, आणि त्याचा हिशेब वाटणीत जरूर व्हावा. पण तुकड्यांचा मुद्दा भातशेतीला लागू होता, साडेबाराच्या भूखंडाला तो लागू होत नाही. एका खाचराचे पाच भाग केले तर बांधच उरतील, हे खरे. त्याच भूखंडावर सातमजली इमारत उभी राहिली की तिच्यात सदनिका असतात, गाळे असतात, बँकेत ठेवावयाची रक्कम असते, आणि या सर्व गोष्टी वाटून घेण्यासाठीच घडवलेल्या असतात. हेसिऑडनेही आपल्या शेतकी काव्यात एकच मुलगा असावा म्हणजे घर टिकते, असा सल्ला दिला आहे. तो अस्क्राच्या खडकाळ रानासाठी ठीक होता. लग्नखर्चाचे म्हणाल, तर तो भावाच्या लग्नातही झालेला असतो, आणि त्यापोटी भावाकडून कोणी हक्कसोडपत्र लिहून घेतल्याचे माझ्या ऐकिवात नाही.

खरी मेख मात्र दुसरीकडे आहे. बहीण सही करते ती पुष्कळदा अज्ञानाने नव्हे, पुरेपूर जाणून करते. सही केली नाही तर भाऊबीजेला दार बंद होईल, नवऱ्याशी बिनसले तर परतावयास उंबरा राहणार नाही, हे तिला पक्के ठाऊक असते. म्हणजे लाखो रुपयांच्या हिश्श्याच्या बदल्यात ती माहेर विकत घेते. हा सौदा तिच्या दृष्टीने शहाणपणाचाही असू शकेल. पण त्याला नैसर्गिक प्रेम म्हणून सरकारी दप्तरात नोंदवावयाचे आणि नाममात्र मुद्रांकावर मोकळे व्हावयाचे, हे मला पटत नाही. काही बहिणी मनापासून हिस्सा सोडतात, त्यांचा तो अधिकार आहे. ज्यांना सोडावयाचा नव्हता, त्या आणि या एकाच नमुन्यातील कागदावर सारख्या दिसतात, ही हरकत आहे.

झ्यूसाविषयी मला फारसा आदर नाही. भाकिताच्या भयाने त्यानेही आपल्या गरोदर पत्नीला, मेटिसला, गिळले, म्हणजे बापाच्या चुकीत केवळ थोडी सुधारणा केली. तथापि थिऑगनीतील त्याचे एक कृत्य वाखाणण्याजोगे आहे आणि आपल्या महसूल खात्याने ते जरूर वाचावे. युद्धापूर्वीच त्याने जाहीरनामा काढला होता की क्रोनसाच्या अमदानीत ज्यांचे जे हक्क होते ते मी काढून घेणार नाही, आणि ज्यांना काहीच मिळाले नव्हते त्यांना ते देईन. या शब्दावर विसंबून सर्वांत आधी त्याच्या बाजूस आली ती स्टिक्स, ओशियानसाची मुलगी, आपल्या चार लेकरांसह. आणि हेकाटी नावाची एक टायटनकन्या होती, एकुलती एक, जिला भाऊ नव्हता. तिला पृथ्वीत, आकाशात आणि समुद्रात मिळून जो वाटा पूर्वीच्या राजवटीत होता, त्यातला तसूभरही झ्यूसाने घेतला नाही, उलट अधिक मान दिला. हिच्या बापाचे नाव पर्सेस. हेसिऑडच्या भावाचेही तेच. हा योगायोग असेल. परंतु ज्या कवीने भावाविरुद्ध आयुष्यभर कुरकुर केली, त्याने सबंध काव्यात सर्वाधिक जिव्हाळ्याने रंगवलेला अबाधित हिस्सा एका पर्सेसाच्या मुलीचा असावा, हे वाचताना मी प्रत्येक वेळी थबकतो.

हेकाटीला भाऊ असता तर झ्यूसाने काय केले असते, हे सांगता येत नाही. आपल्या बहिणींना भाऊ आहेत, म्हणून तजवीज अधिक काटेकोर हवी. हक्कसोडपत्रात सोडलेल्या हिश्श्याचे रेडीरेकनरप्रमाणे होणारे मूल्य आकड्यांत आणि अक्षरांत लिहिलेच पाहिजे. दस्ताचा मसुदा नोंदणीच्या किमान पंधरा दिवस आधी बहिणीच्या हाती, तिच्या सासरच्या पत्त्यावर, पोचला पाहिजे. आणि नोंदणीच्या वेळी निबंधकाने भाऊ, नवरा आणि विकासकाचा माणूस या तिघांनाही बाहेर बसवून तिला एकटीला विचारले पाहिजे. साडेबाराची जी प्रकरणे अद्याप निकालात निघावयाची आहेत आणि साडेबावीसची जी मार्गी लागत आहेत, त्यांच्यापासून हे सुरू करता येईल. सोडलेल्या हिश्श्याचे मूल्य लिहिण्याचा एक रकाना आणि बहिणीला एकटीला विचारण्याची एक खुर्ची, यासाठी विधिमंडळात जाण्याचीही आवश्यकता नाही, नोंदणी खात्याचे एक परिपत्रक पुरेसे आहे.